तांब्या, झाडू, पऱ्हाटी : रोजच्या जगण्याची कला आणि वऱ्हाड

एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या परीक्षांना महाराष्ट्रात शंभरहून अधिक वर्षं झाली. मोर्शी, वरुड, चांदूर बाजार, अचलपूर, कुठल्याही तालुक्याच्या गावी शाळेच्या वर्गात टेबलावर एक तांब्या ठेवला जातो, शेजारी वांगं किंवा कांदा, मागे साधं कापड. हे वस्तुचित्र. दुसऱ्या पेपरात बाजार, पाणवठा, पोळा, बसथांबा असा एखादा विषय येतो आणि मुलांना डोळ्यांपुढे काहीही नसताना माणसं काढायची असतात. हे स्मरणचित्र. दहावीच्या निकालात या परीक्षांचे गुण मिळतात आणि त्यानंतर बहुतेक घरांतली रंगपेटी माळ्यावर जाते.

त्या दोन पेपरांत मुलांना जे करायला सांगितलेलं असतं, तेच आज जगभरची समकालीन कला करते आहे: हाताशी असलेली वस्तू नीट पाहायची आणि आपल्या माणसांना आठवणीतून उभं करायचं. फरक साधनांचा आहे. आजचा कलावंत एका माध्यमाशी बांधलेला नसतो. त्याला चित्र काढता येतं, पण तो व्हिडिओही करतो, वस्तूंची मांडणी करून खोलीभर मांडणशिल्प उभारतो, स्वतःचं शरीर घेऊन लोकांसमोर उभा राहतो, कधी शेतात पीक पेरून अक्षरं उगवतो. 'मी कोण, माझे लोक कोण, आणि आमचा दिवस कसा जातो' हे त्याचे प्रश्न. अनेक माध्यमांत काम करून ओळख आणि रोजचं जगणं शोधणाऱ्या या कलेला मराठी मुलखात, विशेषतः विदर्भात, कोणते धागे आहेत, ते कुठून निघतात आणि कुठे जाऊन पोचतात, हे इथे पाहायचं आहे.

अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शीतून उत्तरेला पाहिलं की सातपुडा दिसतो. सालबर्डीच्या पलीकडे, बैतूल जिल्ह्यातल्या धारुळ गावाजवळच्या डोंगरात रंगवलेल्या शैलाश्रयांची मोठी मालिका आहे. 2007 मध्ये डॉ. विजय इंगोले आणि अमरावती भागातल्या त्यांच्या हौशी अभ्यासक सोबत्यांनी ती उजेडात आणली. प्राणी, माणसं, शिकार असे त्या चित्रांचे विषय. मेळघाटातले कोरकू आपल्या मृतांसाठी सागवानाच्या फळीवर सूर्य, चंद्र आणि घोडेस्वार कोरून 'मुंडा' उभा करतात. त्या विधीत लाकूडकाम आहे, गाणं आहे, नाच आहे, जेवण आहे. वऱ्हाडातल्या मुली भाद्रपदी पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाई मांडतात: मातीच्या मूर्ती, गाणी, आणि शेवटी खिरापत ओळखण्याचा खेळ. शिल्प, गायन, नाट्य आणि खाणं एकाच ओसरीवर. तेव्हा अनेक माध्यमं एकत्र आणणं ही या मुलखाला बाहेरून आलेली कल्पना नाही. बाहेरून आली ती कलादालनाची भिंत, आणि तिच्याबरोबर आलेला समज की चित्र म्हणजे चौकटीतलं, बाकी सगळे सण आणि रिवाज.

या मुलखाने दिलेली सगळ्यांत मोठी दृश्यप्रतिमा मात्र कुठल्याही भिंतीवर नाही. 23 फेब्रुवारी 1876 रोजी अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावात जन्मलेले डेबूजी झिंगराजी जानोरकर, म्हणजे गाडगेबाबा, गावात शिरत तेव्हा लोकांना आधी दिसायची त्यांची वेशभूषा. डोक्यावर गाडग्याचं खापर, अंगावर चिंध्यांचा अंगरखा, एका कानात कवडी, दुसऱ्या कानात फुटक्या बांगडीचा तुकडा, हातात खराटा. दिवसभर गाव झाडायचं आणि रात्री त्याच गावाला कीर्तनात प्रश्न विचारायचे. खापर पाणी पिण्याचं भांडं होतं, जेवणाचं ताट होतं आणि डोक्यावरची टोपीही होती. बाबांना कलावंत म्हणण्याची गरज नाही. त्यांनी ते नाव कधी मागितलं नसतं. पण शरीर, वेश, वस्तू आणि शब्द यांतून एक विचार लोकांसमोर उभा करण्याची त्यांची रीत समजली, तर आजच्या अनेक कलाकृती समजायला वेगळ्या गुरूची गरज पडत नाही.

आता त्याच दोन वस्तू, मडकं आणि झाडू, दुसरीकडून पाहू. पेशवाईच्या पुण्यात अस्पृश्यांना थुंकण्यासाठी गळ्यात मडकं आणि आपली पावलं पुसण्यासाठी कमरेला झाडू बांधावा लागे, ही हकीकत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या लेखनात नोंदवली आहे. नागपुरात 1961 मध्ये जन्मलेले चित्रकार सवी सावरकर यांनी ही प्रतिमा आपल्या मुद्राचित्रांत आणि रंगचित्रांत पुन्हा पुन्हा आणली. नागपूर आणि बडोद्याला शिकलेले, पुढे दिल्लीच्या कला महाविद्यालयात शिकवणारे सावरकर यांच्या आकृती ओबडधोबड आणि जाड रेषांच्या आहेत. त्यातला माणूस मडकं गळ्यात घेऊन सरळ पाहणाऱ्याकडे पाहतो. देवदासी हाही त्यांच्या कामाचा मोठा विषय. आधुनिक भारतीय चित्रकलेत गरीब माणूस पुष्कळ आला होता, कष्टकरी आला होता, पण जात हा शब्द चित्राच्या मध्यभागी लिहिला जात नव्हता. सावरकरांनी तो लिहिला.

लादलेलं मडकं आणि स्वतःहून डोक्यावर घेतलेलं खापर. लादलेला झाडू आणि स्वतःहून उचललेला खराटा. या दोन जोड्यांमधलं अंतर म्हणजेच ओळखीचा प्रश्न. वस्तू तीच राहते. ती कोणी कोणाच्या हातात दिली, यावर तिचा अर्थ ठरतो.

हाच झाडू पुढे कॅमेऱ्यासमोर आला. छायाचित्रकार सुधारक ओलवे मूळचे अकोल्याचे, जन्म 1966. मुंबईत वृत्तपत्र-छायाचित्रकार म्हणून काम करताना त्यांनी महापालिकेच्या सफाई कामगारांचं आयुष्य टिपायला घेतलं. गटाराच्या तोंडाशी कमरेपर्यंत उतरलेला माणूस, कचऱ्याच्या गाडीवर उभे असलेले कामगार, आणि कामावरून परतल्यावरचं त्यांचं घर, बायकामुलं, दारू, आजारपण. 'इन सर्च ऑफ डिग्निटी अँड जस्टिस' या नावाने हे काम पुढे आलं. 2016 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. ओलवे यांच्या कृष्णधवल छायाचित्रांची ताकद त्यांच्या जवळिकीत आहे. रस्त्यावर कामगाराचा फोटो कोणीही काढू शकेल. त्याच्या दहा बाय दहाच्या खोलीत कॅमेरा उघडायचा तर आधी त्या खोलीत बसून चहा घ्यावा लागतो, पुन्हा पुन्हा जावं लागतं. अकोल्याच्या या माणसाने ते केलं, म्हणून त्या चित्रांत घाण कमी आणि माणूस जास्त दिसतो.

जगात याच विषयाला एका कलावंत स्त्रीने वेगळ्या तऱ्हेने हात घातला होता. न्यूयॉर्कच्या मिअर्ल लेडरमन उकेलेस यांनी 1979-80 मध्ये शहरातल्या सुमारे 8,500 सफाई कामगारांना एकेक करून गाठलं, प्रत्येकाशी हात मिळवला आणि शहर जिवंत ठेवल्याबद्दल आभार मानले. कलाकृती एवढीच: हस्तांदोलन. मूल झाल्यावर त्यांच्या लक्षात आलं होतं की घर नीट ठेवणं, धुणं, पुसणं, भरवणं या कामांना जगात किंमत नाही. त्या कामालाच त्यांनी कला म्हटलं. न्यूयॉर्कच्या हस्तांदोलनाला एक अर्थ आहे. आपल्याकडे, जिथे स्पर्श हाच भेदाचा पाया होता, तिथे त्याला कितीतरी जड अर्थ येतो.

मुंबईतला अमोल के. पाटील हा ओलवे यांच्यानंतरच्या पिढीचा कलावंत, जन्म 1987. आजोबा पोवाडे गाणारे, वडील नाटककार, वाढ चाळीतली. त्याच्या कामात चित्रं आहेत, ध्वनी आहे, यंत्राने हलणाऱ्या छोट्या वस्तू आहेत, कांस्यात घडवलेले हात-पाय आहेत. सफाई कामगाराच्या पायांत त्याने रोलर स्केट्स घातले. दिवसभर पाय ओढत रस्ता झाडणारा माणूस चाकांवरून सरकत जातो, सोबत संगीत वाजतं. 2022 मध्ये जर्मनीतल्या कासेल शहरातल्या 'डॉक्युमेंटा'च्या पंधराव्या आवृत्तीत, म्हणजे दर पाच वर्षांनी भरणाऱ्या जगातल्या एका फार मोठ्या कलाप्रदर्शनात, त्याने हे काम नेलं. त्यात यलगार सांस्कृतिक मंच या कलावंतांच्या गटाची गाणीही सोबतीला होती. पुढच्या वर्षी लंडनच्या हेवर्ड गॅलरीत त्याचं स्वतंत्र प्रदर्शन झालं. त्याच्या कामात एक गोष्ट लक्षात राहते. झाडणाऱ्या माणसाला तो दुःखाचा पुतळा करत नाही. त्याला खेळायला, सरकायला, गाण्यावर डोलायला जागा देतो. शेंडगावच्या खराट्यापासून कासेलच्या स्केट्सपर्यंतची ही ओळ कोणी ठरवून आखलेली नाही, पण ती सलग आहे, आणि तिची सुरुवात वऱ्हाडात होते हे इथल्या माणसाने अभिमानाने सांगावं असं आहे.

विदर्भाच्या दुसऱ्या टोकाला, चंद्रपूर जिल्ह्यात राजुऱ्याजवळ सास्ती नावाचं गाव आहे. दगडी कोळशाच्या खाणींचं गाव. तिथे 1986 मध्ये प्रभाकर पाचपुते जन्मला. घरातल्या पिढ्या खाणीत उतरलेल्या. खैरागढच्या इंदिरा कला संगीत विश्वविद्यालयात आणि मग बडोद्याला तो शिल्पकला शिकला, मुंबईत आला, आणि 2012 मध्ये कुलाब्याच्या क्लार्क हाउस या कलाकेंद्रात त्याने भिंतीवर थेट कोळशाने चित्रं काढली. चित्रकाराच्या हातातला कोळसा लाकडाचा आणि खाणीतला दगडी. तरी हात काळे होतात ते दोन्हींनी. पाचपुतेच्या भित्तिचित्रांत माणसाच्या धडावर डोक्याऐवजी दिवा असतो, घर असतं, नांगर असतो, कधी अख्खी टेकडी. पाठीवर गाव घेऊन चालणारी, अर्धी माणूस अर्धी यंत्र झालेली ही मंडळी पाहताना वाटतं की खाण माणसाच्या आत शिरली आहे आणि आता ती बाहेर काढता येणार नाही.

प्रदर्शन संपलं की भिंत पुन्हा रंगवली जाते आणि चित्र जातं. बाजारात विकता येईल अशी वस्तू हाती न ठेवता त्याने बरीच वर्षं असं काम केलं, हे त्याच्या बाजूने नोंदवायला हवं. सोबत त्याने चलच्चित्रं केली, मातीची आणि लाकडाची शिल्पं केली, मोठी रंगचित्रं केली.

मार्च 2018 मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत शेतकरी चालत गेले. पायांच्या सालपटांची छायाचित्रं सगळ्यांनी पाहिली. त्याच वर्षाच्या अखेरीस कोची-मुझिरिस बिनालेत, म्हणजे दर दोन वर्षांनी भरणाऱ्या कलाप्रदर्शनात, पाचपुतेने शेतकऱ्यांच्या प्रतिकारावर काम मांडलं. 2021 मध्ये वेल्समधल्या कार्डिफचा 'आर्टिस मुंडी' पुरस्कार त्या वर्षीच्या सहाही कलावंतांना मिळून देण्यात आला, त्यांत तो होता. वेल्स म्हणजे बंद पडलेल्या कोळसाखाणींचा आणि खाणकामगारांच्या लढ्यांचा मुलूख. सास्तीच्या मुलाने तिथल्या खाणकामगारांच्या निशाणांचा, त्यांच्या जपून ठेवलेल्या कागदपत्रांचा अभ्यास करून काम केलं. पुढच्या वर्षी व्हेनिस बिनालेच्या मुख्य प्रदर्शनात त्याची चित्रं लागली. खाणकामगाराची ओळख एका देशापुरती नसते, हे त्याने कोळशाच्या काळ्या धुळीतून दाखवलं. त्याची जोडीदार रूपाली पाटील हीही कलावंत आहे, आणि दोघांनी जमिनीच्या प्रश्नावर एकत्र कामही केलं आहे.

पाचपुतेच्या कामाबद्दल एक शंका मात्र मनात राहते. त्याच्या आकृतींच्या धडावरची टेकडी पाहून लंडनचा प्रेक्षक हेलावतो, सास्तीच्या माणसाला ती किती वेळा दिसते? हा दोष एकट्या कलावंताचा नाही. कलेच्या रस्त्यांचा नकाशाच असा आहे की राजुऱ्याहून व्हेनिसला जाणारी वाट सापडते, राजुऱ्याहून मोर्शीला येणारी सापडत नाही.

ही वाट उलटी फिरवण्याचा सगळ्यांत जिद्दीचा प्रयत्न मोर्शीच्या शेजारीच चालला आहे. मोर्शी-वरुडचा संत्र्याचा पट्टा काटोल-नरखेड ओलांडून मध्यप्रदेशातल्या सौंसर आणि पांढुर्ण्यापर्यंत जातो. सीमा नकाशात आहे. बोली, वावरं आणि बाजार इकडचेच. त्या सौंसर भागात पारडसिंगा नावाचं गाव आहे. नागपूरच्या शिल्पकार श्वेता भट्टड नागपूर आणि बडोद्याला शिकल्या. स्वतःच्या शरीराने लोकांसमोर प्रयोग करणारी कलावंत म्हणून त्यांची ओळख झाली, आणि मग शहरातल्या स्टुडिओऐवजी त्यांनी हे गाव निवडलं. तिथे कलावंत, कास्तकार आणि गावातल्या बाया यांचा जो गट उभा राहिला, त्याचं नाव ग्राम आर्ट प्रोजेक्ट.

त्यांचं सुरुवातीचं गाजलेलं काम शेतातच होतं. कॅनडातल्या व्हँकुव्हर बिनालेच्या निमित्ताने वेगवेगळ्या देशांतल्या शेतांत पिकांनी अक्षरं उगवायची, प्रत्येक शेतकऱ्याने आपलं स्वप्न मातीत लिहायचं, अशी कल्पना होती. 'मेक इन इंडिया'चा गाजावाजा चालू होता त्या काळात, 2015 च्या सुमारास, पारडसिंग्याच्या वावरात पंतप्रधानांचा भलामोठा चेहरा पिकांतून साकारला गेला आणि सोबत विनंती लिहिली गेली, की भारतात पिकवाही. शेतकऱ्याने अर्ज लिहावा तसाच हा अर्ज होता. फक्त कागदाच्या जागी जमीन होती आणि शाईच्या जागी पेरा. वरून पाहिल्याशिवाय तो वाचता येत नव्हता, आणि ज्यांना तो वाचायचा होता ते वरूनच पाहणारे होते.

याच तऱ्हेचं एक काम जगाच्या कलेत फार मानलं जातं. 1982 मध्ये अ‍ॅग्नेस डेनेस यांनी न्यूयॉर्कच्या मॅनहॅटनमध्ये, अब्जावधींच्या जमिनीवर, दोन एकर गहू पेरला, वाढवला, कापला. पैशाच्या शहरात अन्नाचा प्रश्न उभा करण्याचा तो धीट मार्ग होता. पण डेनेस यांचं शेत एका हंगामाचं होतं. गहू कापला, जागेवर इमारती आल्या. पारडसिंग्याचा गट गावातच राहिला, आणि हा फरक मोठा आहे. चेहऱ्याचं पीक काढून झाल्यावरही दुसऱ्या दिवशी शेण काढायचं असतं, पाणी द्यायचं असतं, शेजाऱ्याशी धुऱ्यावरून बोलायचं असतं.

गटाने पुढे हात घातला तो कापसाला, म्हणजे वऱ्हाडातल्या पऱ्हाटीला. भारतात बीटी कापसाला 2002 मध्ये परवानगी मिळाली आणि काही वर्षांतच देशी वाण जवळपास सगळ्या वावरांतून गेले. बियाणं दर हंगामात विकत घ्यायचं ठरलं. घरी सरकी राखून ठेवणारी आजी आपल्याच घरात अडाणी ठरली. ग्राम आर्ट प्रोजेक्टने गावरान वाण पेरला, बायांनी तो वेचला, हाताने कातला आणि त्या सुताच्या राख्या केल्या. राखीत देशी बिया. सण झाला की राखी मातीत पुरायची, तिच्यातून झाड येतं. बियांच्या कागदाच्या वस्तूही त्यांनी केल्या.

या राख्यांना कला म्हणायचं की गृहउद्योग? कलादालनांच्या जगात हा प्रश्न हमखास विचारला जातो. वऱ्हाडाच्या बाजूने पाहिलं तर उत्तर सरळ आहे. कापसाच्या पट्ट्यात शेतकरी आत्महत्यांच्या बातम्या तीन दशकं वाचत आलेल्या माणसाला सरकी हातात घेऊन ती पुन्हा 'आपली' म्हणता येणं, याहून नेमकं ओळखीचं काम दुसरं कुठलं असेल? त्या राखीत वस्तू आहे, हातकाम आहे, सण आहे, बाजारावरची टीका आहे आणि बाईच्या हातात पडणारे चार पैसे आहेत. या आढाव्यातल्या सगळ्या कामांत हे काम सगळ्यांत पूर्ण वाटतं, कारण ज्यांच्या जगण्यातून ते आलं त्यांच्याच हातात ते परत जातं. संग्रहालयात ते कदाचित सगळ्यांत कमी उठून दिसेल.

घराच्या आत वळलं की चित्र पुन्हा बदलतं. वस्तुचित्रातलं ते वांगं आठवा. प्राजक्ता पोटनीस या 1980 मध्ये जन्मलेल्या, जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेल्या कलावंत स्त्रीने भाजी ठेवली फ्रीजरमध्ये. बर्फाच्या थरांत, फ्रीजच्या निळसर उजेडात ठेवलेल्या भाज्यांची तिने छायाचित्रं काढली, आणि ती एखाद्या परग्रहाची दृश्यं वाटतात. तिच्या हातांत घराच्या भिंतीचे पोपडे, ओल, स्विचबोर्ड, मिक्सर या वस्तूही अस्वस्थ करणाऱ्या होतात. 2014 मध्ये बर्लिनमधल्या तिच्या प्रदर्शनाचं नाव होतं 'किचन डिबेट'. 1959 मध्ये मॉस्कोतल्या अमेरिकी प्रदर्शनात अमेरिकेचे निक्सन आणि सोव्हिएत संघाचे ख्रुश्चेव्ह यांची स्वयंपाकघराच्या यंत्रांसमोर जी प्रसिद्ध वादावादी झाली, तिचा तो संदर्भ. मध्यमवर्गीय मराठी ओट्यावरचा मिक्सर आणि दोन महासत्तांचं भांडण यांचा संबंध जोडणं ही तिची कामगिरी. फ्रीजमध्ये चार दिवस टिकणारी भाजी कुठून आली, कोणी तोडली, हा प्रश्न ती उघडपणे विचारत नाही. पण संत्रं शीतगृहात जातं आणि भाव पडला की वावरातच सडतं, हे माहीत असलेला मोर्शीचा माणूस ती छायाचित्रं पाहील तेव्हा त्याला तो प्रश्न आपसूक दिसेल.

शकुंतला कुलकर्णी या कलावंत पोटनीस यांच्याहून तीस वर्षांनी मोठ्या. जन्म 1950, मुंबईत दीर्घकाळ काम. त्यांनी आसामच्या वेतकारागिरांच्या मदतीने वेताची चिलखतं विणून घेतली, स्वतः अंगावर घातली आणि मुंबईच्या रस्त्यांवर, ओळखीच्या जागांवर त्या उभ्या राहिल्या. 2012 मध्ये हे काम प्रदर्शित झालं. बाईला बाहेर पडताना संरक्षण हवं. ते संरक्षणच मग पिंजरा होतं. वेत हलका, लवचिक, डौलदार, आणि तरी तो अंगात घातला की हात नीट वाकत नाही. पुढे फेब्रुवारी 2024 मध्ये पॅरिसमध्ये दिऑर या फॅशन घराण्याच्या कार्यक्रमात त्यांच्या वेताच्या आकृती रंगमंचाच्या मध्यभागी होत्या. टीका करण्यासाठी घडवलेली वस्तू चैनीच्या बाजारात गेली की तिचं काय होतं, हा खरा प्रश्न आहे. एवढं मात्र म्हणता येईल की ती चिलखतं तिथेही सजावट वाटत नव्हती. त्यांच्या शेजारून चालणाऱ्या कपड्यांपेक्षा त्यांच्यातच जास्त शरीर होतं.

या सगळ्यांच्या मागे उभे असलेले एक चित्रकार आहेत, सुधीर पटवर्धन. जन्म 1949, व्यवसायाने क्ष-किरणतज्ज्ञ, ठाण्यात त्यांचा दवाखाना होता. लोकलचा डबा, इराणी हॉटेल, पूल, बांधकामं, आणि त्यांतली साधी माणसं त्यांनी आयुष्यभर रंगवली. त्यांचं माध्यम एकच, कॅनव्हास. तरी या आढाव्यात त्यांचं स्थान आहे ते आणखी एका कामासाठी. 2008-09 मध्ये त्यांनी 'एक्सपांडिंग होरायझन्स' हे समकालीन भारतीय कलेचं प्रदर्शन रचलं आणि ते मुंबईबाहेर महाराष्ट्रातल्या शहराशहरांत नेलं. मूळ कामं, बोलणं, समजावून सांगणं. लोकांनी यावं म्हणून वाट न पाहता चित्रांनीच प्रवास केला. असा दुसरा प्रयत्न त्या ताकदीने पुन्हा व्हायला हवा होता. एखादी कीर्तनपरंपरा जशी गावोगाव फिरते, तशी ही परंपरा झाली असती.

साहित्यात वऱ्हाडाने ही वाट फार आधी चालून दाखवली. उद्धव शेळके यांची 'धग' 1960 मध्ये आली आणि कौतिक नावाच्या बाईचं रोजचं जगणं, तिच्या बोलीसकट, मराठी कादंबरीच्या मध्यभागी बसलं. पुण्या-मुंबईच्या वाचकाला शब्द अडले तरी त्याने पुस्तक सोडलं नाही. पुस्तक स्वस्त असतं, एसटीने येतं, वाचनालयात मिळतं. मांडणशिल्प एसटीने येत नाही. शिकायला सरकारी कला महाविद्यालयं आहेत ती मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे. चित्रकार वासुदेव गायतोंडे 1924 मध्ये नागपुरात जन्मले, सय्यद हैदर रझा नागपूरच्या स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकले, पण त्यांची मूळ चित्रं पाहायला विदर्भातल्या मुलाला दूर जावं लागतं. मराठीत कलेवर लिहिणारे थोडे. सतीश नाईक यांच्या 'चिन्ह' या कलाविषयक नियतकालिकासारखा प्रयत्न एकेकट्या माणसाच्या जिद्दीवर उभा राहिला. इंग्रजी कॅटलॉगमधली वाक्यं जशीच्या तशी मराठीत आणली की ती कोणालाच कळत नाहीत, आणि मग 'ही कला आपल्यासाठी नाही' असा निष्कर्ष लोक काढतात. खरं तर त्यांच्याच घरातली मडकी, झाडू, सरकी आणि भाजी तिथे मांडलेली असते.

एक धोकाही आहे. रोजचं जगणं हा विषय जगभर मागणीचा झाला की कष्टकऱ्याचा घाम हा कच्चा माल होतो. जुनी गोधडी, गंजलेली पेटी, फाटका अंगरखा आणून उजेडाखाली टांगला की काम झालं, असं मानणारी बरीच प्रदर्शनं भरतात. ओलवे, पाटील, पाचपुते, भट्टड यांची कामं यांतून वेगळी पडतात, कारण त्यांतली माणसं त्यांची कोणीतरी आहेत: शेजारी, बाप, खाणीतला काका, वावरातली मैत्रीण. नातं खोटं असेल तर ते वस्तूत दिसतंच. कितीही चांगला उजेड लावा.

आणि मोर्शीत विषयांची टंचाई नाही. तालुक्यात सिंभोऱ्याला वर्धा नदीवर अप्पर वर्धा धरण आहे, 13 दरवाज्यांचं. लोक त्याला नल-दमयंती सागर म्हणतात. पावसाळ्यात दरवाजे उघडले की पाणी पाहायला गर्दी लोटते. या पाण्याखाली ज्यांची वावरं आणि घरं गेली, त्यांची एक सरकारी ओळख आहे, प्रकल्पग्रस्त. तिचा दाखला मिळतो, तो जपून ठेवावा लागतो, नोकरीच्या अर्जाला जोडावा लागतो, मुलाच्या नावावर करावा लागतो. 2023 मध्ये मोर्शीच्या तहसील कार्यालयासमोर अप्पर वर्धा प्रकल्पग्रस्तांचं उपोषण महिनोन्‌महिने चाललं. त्या ऑगस्टच्या अखेरीस त्यांच्यातल्या काहींनी मुंबईत मंत्रालयाच्या एका मजल्यावरून खालच्या संरक्षक जाळीवर उड्या घेतल्या. वर्तमानपत्रांत छायाचित्रं आली: ताणलेली जाळी आणि तिच्यावर घोषणा देत उभी असलेली आपल्या तालुक्यातली माणसं.

स्मरणचित्राच्या पेपरात परीक्षकाला हव्या असतात ठरावीक गोष्टी: पुढे दोन-तीन मोठ्या आकृती, मागे लहान, झाडं, घरं, आकाश. सिंभोऱ्याच्या पलीकडल्या कुठल्या घरातलं पोर यंदा तो पेपर देत असेल, तर त्याच्या आठवणीत घर असेल ते आजोबांनी सांगितलेलं, नदीकाठचं, आणि माणसं असतील ती जाळीवरची.